बागेरी, बाकेरी, बाकारी : भट्टी, दुकान की कारखाना?

उत्तरायण

स्वीडिशमधील काही लेख आणि कथा मराठीत आणण्याचे काम सध्या हाती आहे आणि त्यात एका अगदी साध्या शब्दापाशी गाडी अडली आहे. शब्द आहे 'बागेरी'. शब्दकोशात त्याच्यापुढे 'बेकरी' एवढेच लिहिलेले सापडते, पण प्रत्यक्ष मजकुरात तो इतक्या निरनिराळ्या जागी येतो की एकच प्रतिशब्द सगळीकडे बसत नाही.

ऑगस्ट २०२० मध्ये उत्तर स्वीडनमधील एल्व्सब्यून येथे पोलारब्रोड या पाव उत्पादक कंपनीची वास्तू आगीत जळून गेली, तेव्हाच्या बातम्यांत 'बागेरी जळाली' असा उल्लेख आहे. 'बेकरी जळाली' असे मी लिहिले, तर आपल्या वाचकाच्या डोळ्यांसमोर कोपऱ्यावरचे दुकान, काचेच्या बरण्या, खारी आणि बटर येणार. जळाला होता तो मोठा कारखाना. एका कथेतली मुलगी पहाटे 'बागेरी'त कामाला जाते आणि संपूर्ण कथेत तिथे एकही गिऱ्हाईक पाऊल टाकत नाही. याउलट आजच्या स्टॉकहोममध्ये 'स्टेनउग्न्सबागेरी', म्हणजे दगडी भट्टीची बागेरी, अशी पाटी असलेल्या जागी लोक खिडकीशी बसून कॉफी पीत असतात. आणि या सगळ्यांहून वेगळी 'बागारस्तुगा' : उत्तरेकडच्या नॉरलांड भागातील खेड्यांत असलेले एक छोटे लाकडी घर, ज्यात गावातली कुटुंबे आपापल्या ठरलेल्या दिवशी भट्टी पेटवून 'टुनब्रोड' नावाची पातळ भाकरी वर्षभराच्या बेगमीसाठी भाजून घेतात. तिथे विक्री नावाचा प्रकारच नसतो.

डेन्मार्क, नॉर्वे आणि आइसलँडमध्येही हाच शब्द थोड्या फरकाने चालतो. तिथे राहणाऱ्या किंवा त्या भाषा जाणणाऱ्या मंडळींनी आपल्याकडचा वापर सांगितला, तर या शब्दाचा मूळ गाभा कोणता आणि नंतर वाढलेल्या फांद्या कोणत्या, हे ठरवणे मला सोपे जाईल.

खमीर

डेन्मार्कपुरते सांगतो. लिहिताना डॅनिश शब्द अगदी स्वीडिशसारखाच आहे, परंतु उच्चारताना त्यातला 'ग' विरघळून जातो आणि ऐकू येते ते साधारण 'बेयरी', तेही शेवटच्या 'री'वर जोर देऊन. खरी गंमत उच्चारात नसून वापरात आहे. पाव आणायला निघालेला डॅनिश माणूस 'बेयरीत जातो' असे सहसा म्हणत नाही. तो 'बेयर'कडे, म्हणजे बेकरकडे जातो. 'बेकरकडून काही आणू का?', 'बेकर रविवारी किती वाजता उघडतो?' अशी वाक्ये रोज कानावर पडतात. बेकर नावाचा कोणी माणूस समोर असण्याची त्यात अजिबात अट नाही. तो मागे पीठ मळत असेल, घरी झोपला असेल किंवा त्या साखळी दुकानात तो मुळात नसेलही. तरी दुकानाची ओळख माणसावरूनच होते.

मग 'बेयरी' कुठे येते? जिथे पिठाची पोती, कणीक मळण्याचे यंत्र आणि भट्टी आहे त्या जागेसाठी, आणि त्या जागेवर चालणाऱ्या धंद्यासाठी. 'तो बेयरीत काम करतो' म्हटले की त्याचे हात पिठाने माखलेले असणार, हे ऐकणाऱ्याला कळते. गल्ल्याच्या बाजूला वेगळा शब्द आहे, 'बेयरबुटीक'. तिथे पाव विकणाऱ्या मुलीला पूर्वी 'बेयरयोम्फ्रू', म्हणजे शब्दशः 'बेकरची कुमारिका' म्हणत. आता तो शब्द जुनाट वाटतो, पण पुसला गेलेला नाही. जुन्या पाट्यांवर तर बहुधा 'बेयरी' नसतेच. असते ते 'बेयरमेस्टर', म्हणजे उस्ताद बेकर, आणि त्याच्यापुढे आडनाव. वर लोखंडी दांडीला सोनेरी मुलाम्याचा 'क्रिंगल' लटकत असतो : पिठाच्या वळीची गाठ मारून केलेल्या पावाचा आकार आणि त्याच्यावर मुकुट. ही बेकरांच्या श्रेणीची, म्हणजे व्यवसायसंघाची, जुनी खूण आहे आणि ज्या काळी गिऱ्हाइकाला वाचता येत नसे, त्या काळी तिने शब्दाची गरजच ठेवली नव्हती.

रविवारचेही सांगायला हवे. दुकानांच्या वेळांवरचे निर्बंध ऑक्टोबर २०१२ मध्ये बहुतांशी उठले, तोवर रविवारी बहुतेक दुकाने बंद असत आणि बेकरला मात्र मुभा होती. त्यामुळे रविवारची सकाळ ही बेकरची सकाळ होऊन बसली आणि आजही आहे. आत शिरल्यावर दाराजवळच्या यंत्रातून क्रमांकाची चिठ्ठी ओढून घ्यायची, आकडा पुकारला जाईपर्यंत काचेआडच्या वस्तूंवर नजर फिरवत थांबायचे, मग 'रुनस्टिकर' म्हणजे कडक कवचाचे गोल पाव नगावर मागायचे आणि सोबत काही गोड घ्यायचे. खसखस लावलेल्या एका पापुद्रेदार पावाला कोपनहेगनमध्ये 'तेबिर्कस' म्हणतात आणि डेन्मार्कच्याच युटलंड भागात त्यालाच 'कोपनहेगनचा बिर्कस' म्हणतात. राजधानीच्या नावाचा पाव राजधानीतच त्या नावाने मागितला, तर मुलगी क्षणभर थबकते.

शब्दछंदी

चर्चा वाचून एक शंका मनात आली. डॅनिश धातू 'बागे', स्वीडिश 'बाका', आणि आपले 'भाजणे' ही एकाच मुळाची फळे असावीत का? इंडो-युरोपीय भाषांत ब आणि भ यांची अदलाबदल होते, हे आपण शाळेपासून ऐकत आलो आहोत आणि अर्थ तर हुबेहूब जुळतो.

ओरेसुंड

मोह होणे स्वाभाविक आहे, परंतु हे नाते जुळत नाही. 'भाजणे' हे संस्कृत 'भृज्जति'पासून प्राकृतमार्गे आलेले आहे आणि त्याचे युरोपातले नातेवाईक लॅटिनमधील 'फ्रिगेरे'सारखे, भाजणे-परतणे या अर्थाचे शब्द मानले जातात. त्या मुळात 'र' आहे. स्कँडिनेव्हियन 'बाका'च्या मुळात तो नाही; त्याचे नाते ग्रीक 'फोगो' या धातूशी सांगतात. अर्थ शेजारशेजारचे, आवाज जवळचे, कुळे मात्र निराळी.

माझ्या मते या शब्दातला खरा माहितीपूर्ण भाग त्याचे शेपूट आहे, म्हणजे '-एरी' हा प्रत्यय. तो मुळात फ्रेंचमधला. तिथून तो उत्तर जर्मनीच्या व्यापारी बोलीत आला आणि हान्सा या मध्ययुगीन व्यापारी शहरांच्या संघाच्या व्यापाऱ्यांबरोबर उत्तरेकडच्या बंदरांत उतरला. त्या काळात कारागिरीचे कितीतरी शब्द स्कँडिनेव्हियन भाषांनी याच वाटेने घेतले. बिअर बनवण्याची जागा 'ब्रिगेरी', दूधदुभत्याची 'मेयेरी', छपाईची 'ट्रिकेरी', खाटकाची 'स्लाक्टेरी'. ही सगळी कामाची ठिकाणे आहेत, मालाच्या विक्रीची नव्हेत, आणि बागेरी याच रांगेत बसते. तेव्हा उत्तरायण, तुम्ही गाभा विचारलात, तर तो 'जिथे भाजतात ती जागा' हाच आहे. कारखाना आणि भट्टीघर हे दोन्ही अर्थ त्यात मुळापासून सामावतात. दुकान हा अर्थ नंतर चिकटला.

याच प्रत्ययाचा दुसरा उपयोग क्रिया दाखवण्यासाठी होतो, आणि बहुधा त्रासिक सुरात. डॅनिशमध्ये 'ड्रिलेरी' म्हणजे छळवाद, 'स्विनेरी' म्हणजे डुकरासारखी घाण, 'स्न्यूडेरी' म्हणजे फसवाफसवी. जुन्या मजकुरात बागेरी हा शब्द 'भाजण्याचे काम' किंवा 'भाजण्याचा व्यवसाय' या अर्थानेही येतो, मात्र त्याला तो कडवट सूर नसतो. तुमच्या मजकुरात एखाद्या वाक्यात जागेचा अर्थ लागत नसेल, तर हा दुसरा अर्थ लावून पाहावा.

जाता जाता एक विसंगती नोंदवते. स्वीडिशमध्ये क्रियापद 'बाका' आहे, 'क'ने. मग बेकर 'बागारे' आणि जागा 'बागेरी' असा 'ग' कुठून उपटला? तो डॅनिशच्या प्रभावाने आला असे मानतात. म्हणजे स्वीडिश माणूस घरी भाजतो ते आपल्या भाषेत आणि विकत घेतो ते शेजाऱ्याच्या उच्चारात.

ध्रुवतारा

नॉर्वेत तो 'ग' परत 'क' झाला आहे आणि तोही सरकारी निर्णयाने. डेन्मार्कशी शतकानुशतके जोडलेले असल्यामुळे नॉर्वेची लिखित भाषा जवळजवळ डॅनिशच होती. १९०७ च्या शुद्धलेखन सुधारणेत शब्दांतले मऊ ब, ड, ग बदलून नॉर्वेजियन उच्चाराप्रमाणे प, ट, क लिहायचे ठरले आणि 'बागेरी'ची 'बाकेरी' झाली. त्यामुळे त्याआधीच्या छायाचित्रांत पाट्यांवर 'ग' दिसला, तर ते दुकान डॅनिश माणसाचे आहे असे समजू नये.

बोलण्यात आमच्याकडेही बेकर हा माणूसच जास्त येतो. विक्रीच्या जागेला वेगळे दाखवायचे असेल, तर 'बाकेरी-उतसाल्ग', म्हणजे बाकेरीचे विक्रीकेंद्र, असा जोडशब्द आहे. 'उतसाल्ग' वेगळे जोडावे लागते यावरूनच नुसत्या 'बाकेरी'त विक्री गृहीत नाही, हे वरचे ओरेसुंड यांचे म्हणणे पटते.

तुमच्या बागारस्तुगाचे नॉर्वेजियन भावंड सांगायचे, तर इथे घरापेक्षा बाई महत्त्वाची होती. 'बाकस्तेकोने' नावाच्या बायका शेतावरून शेतावर फिरत, एकेका घरी मुक्काम करत आणि तिथल्या चुलीवर मोठा गोल तवा ठेवून महिनोन्महिने टिकणाऱ्या पातळ, कुरकुरीत 'फ्लातब्रोड'ची चळत रचून देत. पीठ घरमालकाचे, सरपण घरमालकाचे, हात मात्र तिचे. शहरात जे काम बाकेरी करत असे, ते खेड्यात ही फिरती बाई करत असे, आणि तिच्यासाठी 'बाकेरी' हा शब्द कोणी वापरला नाही, कारण तो शहरी, श्रेणीच्या नोंदवहीतल्या धंद्याचा शब्द होता. अनुवादात हा भेद जपला जावा असे मला वाटते. बागारस्तुगाला 'गावची बेकरी' म्हटले, तर शहराचा वास लागेल. 'भट्टीघर' किंवा 'गावभट्टी' अधिक बरे.

रुळावरून

नव्याने डॅनिश शिकणाऱ्यांसाठी एक सावधगिरीची सूचना. रेल्वे स्थानकावर 'बेयर्स्ट' असे काही ऐकू आले किंवा लिहिलेले दिसले, तर 'सर्वांत मोठा बेकर' असा अर्थ काढून पावाच्या आशेने तिकडे धावू नये. 'बाग' म्हणजे मागे, आणि तो शब्द 'सर्वांत मागे', म्हणजे गाडीच्या शेवटच्या डब्यांकडे, असा आहे. पाठीमागचा 'बाग' आणि भाजण्याचा 'बाग' लिहिताना सारखेच दिसतात. मागचे दार, मागची बाजू, मागचे अंगण या सगळ्या शब्दांची सुरुवात पाहिली की शिकाऊ माणसाला देशभर पावच पाव दिसू लागतो.

उत्तरायण

सर्वांचे आभार, गाभा बराच स्पष्ट झाला. आता याच शब्दाच्या शेजाऱ्याबद्दल विचारते. माझ्या मजकुरात 'बागेरी'च्या जोडीने वारंवार 'कोंडितोरी' येते आणि काही पाट्यांवर तर 'बागेरी व कोंडितोरी' असे दोन्ही शब्द असतात. इंग्रजी अनुवादांत दोन्हींसाठी एकच शब्द वापरलेला पाहिला आहे. हे खरेच दोन प्रकार आहेत की पाटी लांब दिसावी म्हणून केलेली पुनरुक्ती?

ओरेसुंड

पुनरुक्ती नव्हे. 'कोंडितोरी' जर्मनमधून आला आणि त्याच्या मुळाशी लॅटिनमधील 'मुरवणे, स्वाद लावून टिकवणे' या अर्थाचे क्रियापद आहे. म्हणजे त्याचा जन्म पावाच्या भट्टीत झाला नसून साखरेच्या पाकात झाला. एकोणिसाव्या शतकात स्वित्झर्लंडच्या ग्राउबुंडन या डोंगराळ भागातून बाहेर पडलेले मिठाई कारागीर युरोपभर पसरले आणि त्यांतल्या काहींनी कोपनहेगनमध्येही दुकाने थाटली. बेकर आणि कोंडितोर हे दोन वेगळे पेशे होते आणि आजही त्यांचे शिक्षण वेगळे मानले जाते. एकाचे हात पिठात, दुसऱ्याचे साय, चॉकलेट आणि बदामाच्या लगद्यात.

स्वीडिश माणसाच्या बोलण्यात हा भेद पदार्थांच्या नावांतही उतरला आहे. जेवणाबरोबरचा तो 'मातब्रोड', म्हणजे अन्नाचा पाव. कॉफीबरोबरचे गोड ते 'काफेब्रोड', म्हणजे कॉफीचा पाव. मातब्रोड बागेरीतून घरी न्यायचा असतो, तर कोंडितोरीत बसायचे असते. बसणे हाच कोंडितोरीचा प्राण आहे : छोटी गोल टेबले, एका कपाच्या पैशांत मिळणारा दुसरा कप, ज्याला 'पोतोर' असा स्वतंत्र शब्द आहे, आणि कोणी उठा म्हणत नाही असा वेळ. दारूच्या गुत्त्यात जाणे ज्या काळी सभ्य घरातल्या स्त्रीला शक्य नव्हते, त्या काळी एकटीने किंवा मैत्रिणीबरोबर जाऊन बसता येईल अशी जागा शहरात हीच होती. स्टॉकहोमचे १९२८ पासूनचे 'वेतेकातेन', ओस्लोचे १८८१ पासूनचे 'हाल्वोर्सेन्स' आणि कोपनहेगनचे १८७० पासूनचे 'ला ग्लास' ही सगळी या परंपरेतली नावे आहेत आणि त्यांपैकी एकालाही तिथला माणूस 'बागेरी' म्हणणार नाही. तुमच्या कथेत एखादे पात्र दुपारी कोंडितोरीत बसले असेल आणि तुम्ही त्याला बेकरीत बसवलेत, तर ते पात्र बिचारे पिठाच्या पोत्यावर बसेल. 'कोंडितोरी' तसाच ठेवावा आणि पहिल्या उल्लेखात दोन शब्दांत जागेचे वर्णन करावे.

खमीर

त्यात एक पोटभेद आहे, जो दोन्हीकडे सापडतो. पापुद्रेदार गोड पदार्थ, ज्यांना जगभर 'डॅनिश' म्हणतात, त्यांना डेन्मार्कमध्ये 'वीनरब्रोड', म्हणजे व्हिएन्नाचा पाव म्हणतात, आणि व्हिएन्नात त्यांनाच कोपनहेगनचे नाव आहे. १८५० च्या सुमारास कोपनहेगनच्या बेकर कामगारांनी संप केला, मालकांनी ऑस्ट्रियातून माणसे आणली आणि त्यांनी आपली घडी घालण्याची पद्धत बरोबर आणली, अशी त्याची कथा सांगतात. हा पदार्थ गोड असूनही बेकरच्या अखत्यारीत राहिला, कारण तो खमिराचा आहे. गोडावरून नव्हे, तर खमिरावरून सीमा आखली, तर बहुतेक गोंधळ मिटतो.

पेठकर

वरची सगळी माहिती मनोरंजक आहे, परंतु अनुवादापुरता हा काथ्याकूट मला अनावश्यक वाटतो. आपला मराठी 'बेकरी' हा शब्द काही कमी लवचिक नाही. 'बेकरीतून पाव आण' म्हणताना ते दुकान असते, 'तो बेकरीत कामाला आहे' म्हणताना ती भट्टी असते, 'बेकरीचा माल' म्हणताना सगळे भाजीव पदार्थ एका पिशवीत येतात आणि 'त्यांनी बेकरी टाकली' म्हणताना तो धंदा असतो. पुण्यात लष्कर भागातल्या इराणी बेकऱ्यांपुढे सकाळी रांगेत उभा असलेला माणूस आत भट्टी आहे की नाही याची चौकशी करत नाही. मराठी वाचक संदर्भाने अर्थ लावतो आणि तो इतका भाबडा नाही की आगीची बातमी वाचून बरण्या फुटल्याची कल्पना करील. सगळीकडे 'बेकरी' लिहावे आणि पुढे जावे. शब्दागणिक वेगळा प्रतिशब्द दिला, तर मूळ लेखकाने एकच शब्द वापरला होता, ही गोष्टच वाचकाला कळणार नाही.

उत्तरायण

शेवटचा मुद्दा वजनदार आहे आणि तो मी बाजूला टाकणार नाही. कथेत लेखिकेने मुद्दाम एकच शब्द पुन्हा पुन्हा आणला आहे. तिथे मीही एकच ठेवीन. बातमीच्या बाबतीत मात्र मी सहमत नाही. 'बेकरी जळाल्यामुळे देशभरातील दुकानांत पावाचा तुटवडा' हे वाक्य मराठीत वाचले, की वाचक अनुवादकाच्या अकलेवर शंका घेईल, बेकरीच्या आकारावर नव्हे. तिथे 'पावाचा कारखाना'च हवा.

मांडवीकाठ

गोव्याकडून एक भर घालावीशी वाटते. खमीर यांनी सांगितलेला 'बेकरकडे जाणे' हा प्रकार महाराष्ट्रात परका वाटेल, आमच्याकडे नाही. आमच्या बोलण्यात येतो तो 'पोदेर', म्हणजे पोर्तुगीज 'पादेइरो'चे आपले रूप. पोदेर आला का, पोदेराकडून उंडो घेतले का, असेच विचारतात. सायकलवरून भोंगा वाजवत दारात येणारा माणूस पोदेर, आणि त्याच्या घराला लागून जिथे भट्टी आहे तिथे जायचे असले, तरीही 'पोदेराकडे' जायचे. डॅनिश वाक्याला 'पाववाल्याकडे' हा मराठी पर्याय सहज बसेल. 'बेकर' हा शब्द मराठी बोलण्यात कोणी तसा वापरत नाही.

खमीर

'पाववाल्याकडे' उत्तम. आता एका नव्या अर्थाकडे लक्ष वेधतो, कारण आजचा मजकूर अनुवादताना तो आडवा येईल. उत्तरेकडच्या मोठ्या किराणा भांडारांत एका कोपऱ्यावर 'बेयरी' अशी पाटी लटकते आणि ताज्या पावाचा वास पसरलेला असतो. पुष्कळदा तिथे पीठ मळले जात नाही. दूरच्या कारखान्यात अर्धा भाजून गोठवलेला माल खोक्यांतून येतो आणि कर्मचारी तो भट्टीत ढकलून उरलेला भाजतो. हाताने काम करणाऱ्या बेकरांना हे अर्थातच रुचत नाही. त्यांचे म्हणणे असे की जिथे कणीक मळली गेली नाही, ती बेयरी कसली?

याची प्रतिक्रिया म्हणून गेल्या काही वर्षांत निघालेल्या नव्या दुकानांनी हाच शब्द अभिमानाने पाटीवर घेतला. आंबवणीचा पाव करणारी दुकाने काचेची भिंत घालून मागची भट्टी गिऱ्हाइकाला दाखवतात आणि स्वतःला ठसक्यात 'बेयरी' म्हणवतात. अर्थ असा, की इथला माल इथेच होतो. म्हणजे जो शब्द पूर्वी मागच्या खोलीचा होता, तो आता पुढच्या दारावर आला आहे. यात एक विनोदही आहे : कोपनहेगनमध्ये २०१८ साली एका इंग्रज बेकरने दुकान काढले आणि त्याला डॅनिश नाव दिले, 'हार्ट बेयरी', आणि त्याच शहरातले तितकेच नावाजलेले दुसरे दुकान स्वतःला इंग्रजीत 'जूनो द बेकरी' म्हणवते. उत्तरायण, तुमच्या तिसऱ्या उदाहरणातली 'दगडी भट्टीची बागेरी' याच लाटेतली आहे. तिथे 'बेकरी' खुशाल लिहावे, फक्त 'दगडी भट्टी' गाळू नये, कारण त्या पाटीत महत्त्वाचा शब्द तोच आहे.

हिमनदी

आइसलँड राहूनच गेले. इथे शब्द 'बाकारी' असा आहे आणि बेकरला 'बाकारि' म्हणतात. लिहिताना दोन्हींत फरक फक्त शेवटच्या स्वरावरच्या एका तिरक्या रेघेचा. आमच्याकडे पाव भाजण्याचा व्यवसाय उशिरा आला. रेक्याविकमध्ये १८३४ साली बेर्नहोफ्त नावाचा बेकर डेन्मार्कहून आला आणि त्याची बाकारी सुरू झाली. ज्या उतारावर ती होती, त्याचे नाव लोकांच्या तोंडी 'बाकाराब्रेका', म्हणजे बेकरचा उतार असे झाले. पुढे एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तिथे बँक आली आणि रस्त्याचे नाव 'बांकास्त्राइती', म्हणजे बँक रस्ता असे बदलले. त्या जुन्या घरांचा समूह आजही बेर्नहोफ्तच्या नावाने ओळखला जातो, परंतु रस्त्यावरून बेकर गेला तो गेलाच.

आमच्याकडे एक वाक्प्रचार मात्र जिवंत आहे, 'लोहाराऐवजी बेकरला फाशी देणे', म्हणजे एकाच्या गुन्ह्याची शिक्षा दुसऱ्याला देणे.

शब्दछंदी

म्हणजे आपले 'चोर सोडून संन्याशाला सुळी'! अनुवादात हेच वापरावे.

ओरेसुंड

परिणाम तोच आहे, पण मूळ गोष्टीतली खोच वेगळी आहे. हा वाक्प्रचार डॅनिश आणि नॉर्वेजियनमध्येही आहे आणि तो रूढ झाला योहान हर्मन वेसेल या नॉर्वेत जन्मलेल्या आणि कोपनहेगनमध्ये राहिलेल्या अठराव्या शतकातील कवीच्या विनोदी कवितेमुळे. गावातला लोहार भांडणात एकाचा जीव घेतो. न्यायाधीश शिक्षा सुनावणार तोच गावकरी येऊन सांगतात, की साहेब, गावात लोहार हा एकच आहे, त्याला मारलेत तर आमचे कसे चालणार. बेकर मात्र दोन आहेत आणि त्यांतला एक तर म्हातारा झाला आहे. जीवाला जीव हवा ना, मग बेकर घ्या. न्यायाधीशांना ते पटते.

इथे संन्यासी चुकून सापडलेला नाही. हिशेब करून निवडलेला आहे. त्यामुळे तुमच्या मजकुरात नुसता वाक्प्रचार असेल, तर संन्यासी चालेल. पण जिथे लेखक गरजेचा आणि सोयीचा हिशेब दाखवतो आहे, तिथे लोहार आणि बेकर तसेच ठेवावे लागतील. असाच आणखी एक, 'बेकरच्या मुलांना गव्हाचा पाव देणे', म्हणजे ज्याच्याकडे मुबलक आहे त्यालाच आणखी देणे. यात गहू महत्त्वाचा आहे, कारण उत्तरेकडे रोजचा पाव राईचा आणि गव्हाचा पाव ही चैन. लग्नानंतरच्या पहिल्या गोड दिवसांना डॅनिश आणि नॉर्वेजियनमध्ये 'गव्हाच्या पावाचे दिवस' म्हणतात तेही त्यामुळेच. मराठीत 'नव्याचे नऊ दिवस' त्याच्या जवळ जाते, पण त्यात ती चैन उरत नाही.

उत्तरायण

या गव्हाच्या पावावरूनच शेवटची शंका विचारते. एका डॅनिश आठवणीत असे वाक्य आहे : 'मोठ्या प्रार्थनादिनाच्या आदल्या संध्याकाळी बेयरीसमोर रांग लागे.' इथे दुकान समजावे की भट्टी? आणि आदल्या संध्याकाळीच रांग का?

खमीर

मोठा प्रार्थनादिन १६८६ पासूनचा. ईस्टरनंतरच्या चौथ्या शुक्रवारी येणाऱ्या या सुटीच्या दिवशी बेकरला भट्टी पेटवायची मनाई होती. म्हणून तो गुरुवारी संध्याकाळी वेलदोडा घातलेले, एकमेकांना चिकटवून भाजलेले गव्हाचे चौकोनी पाव करून ठेवी. लोकांनी ते नेऊन दुसऱ्या दिवशी गरम करून खावेत अशी कल्पना. लोकांनी अर्थात दुसऱ्या दिवसाची वाट पाहिली नाही आणि त्याच रात्री ताजे पाव लोणी लावून खाण्याची प्रथा पडली. २०२३ साली संसदेने ही सुटी रद्द केली आणि २०२४ पासून तो शुक्रवार कामाचा झाला. पाव मात्र त्या गुरुवारी अजूनही मिळतात.

तुमच्या वाक्यात लेखकाने नेहमीचे 'बेकरकडे' न लिहिता 'बेयरीसमोर' लिहिले आहे, त्यावरून मला वाटते की रांग भट्टीतून निघणाऱ्या गरम पावांसाठी आहे. मी असतो, तर 'पाववाल्याच्या भट्टीसमोर रांग लागे' असे लिहिले असते.